खेळातील वेडेवाकडे बोल
(इयत्ता चौथी व पाचवी. विषय : भाषा. दोन किंवा तीन तासिका.)



मुलांच्या तोंडी मैदानावर जी भाषा असते, तिला आपण बहुधा पादत्राणांबरोबर वर्गाच्या बाहेर काढून ठेवावयास लावतो. घंटा झाली की ‘राज्य’, ‘लेंड’, ‘मेला’, ‘लिंबू-टिंबू’ हे सारे शब्द बाहेर राहतात आणि आत येते ती पाठ्यपुस्तकाची भाषा. चंद्रपूर व गडचिरोली या दोन जिल्ह्यांतील पुष्कळ शाळांत तर अशी स्थिती आहे की, बाहेर राहिलेल्या त्या शब्दांबरोबर मुलाचे बोलणेच बाहेर राहते. घरी गोंडी, माडिया, तेलुगू, बंगाली किंवा झाडीबोली बोलणारे मूल मैदानावर घसा फोडून ओरडते आणि वर्गात आले की मुके होते. ते मुके का होते, याचा विचार आपण जितका करावयास हवा तितका करीत नाही.

प्रस्तुत पाठ त्या मुलासाठी आहे. यासाठी लागणारे साहित्य अगदी थोडे : एक विटी, एक दांडू, फळा आणि खडू. विटी व दांडू मुलांकडूनच आणवावेत. आपल्याकडे चांगल्या लाकडाची वाण नाही, आणि कोणत्या झाडाची फांदी दांडूला टिकते व कोणती पहिल्याच टोल्याला चिरते, हे मुलांना आपल्यापेक्षा अधिक ठाऊक असते. तो प्रश्न त्यांना आधी विचारावा, म्हणजे बोलण्यास आपोआप तोंड फुटते.

खेळात जे हास्यास्पद बोल ऐकू येतात ते एकाच जातीचे नसतात. काही बोल निरर्थक वाटतात, परंतु मुळात त्यांना अगदी चोख अर्थ असतो. काहींचा अर्थ सर्वांस ठाऊक असतो, परंतु तो शब्दशः घेतला की मोठी गंमत उडते. आणि काही वाक्ये खेळाडूंनी अगदी गंभीरपणे उच्चारलेली असतात व ऐकणाराच पोट धरून हसतो. मुलांना हे वर्गीकरण सांगण्याची आवश्यकता नाही. शिक्षकाच्या मनात ते असले म्हणजे पुरे.

विटीदांडूची मोजणी

प्रारंभ विटीदांडूपासून करावा. विटी शरीराच्या निरनिराळ्या भागांवर ठेवून, कधी पायावरून तर कधी मुठीवरून, उडवावयाची व दांडूने टोला मारावयाचा, हा या खेळाचा एक प्रकार महाराष्ट्रात सर्वत्र आहे. त्या टोल्यांची नावे वकट, लेंड, मूंड, नाल अशी आहेत. नालेच्या पुढे गावोगाव एकवाक्यता नाही. कोठे ‘आर’ येतो, कोठे ‘डोळा’. (डोळ्यावर विटी ठेवून टोला मारण्याचा प्रकार शाळेत मुळीच करू देऊ नये. विटीने डोळा गेल्याची उदाहरणे खेड्यापाड्यांत दुर्मीळ नाहीत.)

पहिले चार शब्द फळ्यावर लिहावेत आणि मुलांना अर्थ विचारावा. ‘वकट’ला कोणी उत्तर देणार नाही. ‘लेंड’ म्हटले की शेळ्या राखणारी मुले खाली माना घालून खुदखुदतील. ‘मूंड’ म्हणजे मुंडके आणि ‘नाल’ म्हणजे बैलाच्या खुरास ठोकतात तो, असे कोणी सांगेल. तेव्हा सर्व मिळून अर्थ झाला काय? शेण, मुंडके आणि नाल! वर्ग हसू लागला म्हणजे पाठ योग्य मार्गावर आहे असे समजावे.

आता ज्या शाळेत तेलुगू बोलणारी मुले आहेत तेथे शिक्षकाने स्वतः काहीही न सांगता थोडे थांबावे. प्राणहिता व गोदावरी यांच्या काठाने वसलेल्या सिरोंचा तालुक्यात अशी मुले प्रत्येक वर्गात सापडतील. तेलुगूत एक, दोन, तीन, चार यांस ओकटि, रेंडु, मूडु, नालुगु असे म्हणतात. बोलण्यात ‘ओकटि’चा उच्चार पुष्कळदा ‘वोकटि’ असा होतो. त्याचाच आपला ‘वकट’. ‘रेंडु’चा ‘रेंड’ आणि त्याचा ‘लेंड’. ‘मूडु’ हा शब्द जुन्या तेलुगू लेखनात अर्धानुस्वारासह लिहीत असत. मराठी मुलांच्या ‘मूंड’मध्ये तो अनुनासिक अजून ऐकू येतो. ‘नाल’ म्हणजे ‘नालुगु’ हे तर सांगावयासही नको. ज्या गावी ‘आर’ म्हणतात तेथे तो तेलुगू ‘आरु’, म्हणजे सहा. कानडीशी ताडून पाहिले तर कानडीत एक म्हणजे ‘ओंदु’, दोन म्हणजे ‘एरडु’ आणि तीन म्हणजे ‘मूरु’. त्यातून वकट, लेंड, मूंड निघणे कठीण. तेव्हा कोकणापासून खानदेशापर्यंत विटीदांडू खेळणारी मराठी मुले पिढ्यान् पिढ्या तेलुगूत मोजीत आली आहेत, आणि आपण काय मोजतो याची त्यांस वार्ताही नाही.

गोंडी ही त्याच भाषाकुळातील आहे. गोंडीत एक ते चार हे उंदी, रण्ड, मूंड, नालुंग असे मोजतात. स्थलपरत्वे उच्चारात थोडा भेद पडतो. पहिला शब्द निराळा आहे, पण तिसरा पाहावा : विटीदांडूतील ‘मूंड’ आणि गोंडीतील ‘मूंड’ यांत कानाला काही अंतरच नाही. गोंडीतील दुसरा अंक मराठी कानाला भलताच ऐकू येतो, आणि वर्गातील मराठी मुले त्यावर फिदीफिदी हसण्याचा संभव आहे. म्हणून तो अंक फळ्यावर लिहिण्यापूर्वी ‘लेंड’ची थट्टा होऊन गेलेली असावी हे बरे. आपणही दोनला शेणाचे नाव देऊन बसलो आहोत, हे एकदा लक्षात आले की दुसऱ्याच्या दोनला हसण्याची उबळ ओसरते.

या ठिकाणी एक गोष्ट सांगावीशी वाटते. प्रस्तुत लेखक नोकरीस नवा असताना एका शाळेत त्याने वर्गात ‘लेंड’ शब्द उच्चारल्याबद्दल एका मुलास तासभर उभे केले होते. मुलगा खेळाचा हिशेब शेजाऱ्यास सांगत होता, शिवी देत नव्हता. त्यानंतर तो आठवडाभर शाळेत आला नाही, आणि आला तेव्हा शेवटच्या रांगेत जाऊन बसला. तो शब्द म्हणजे ‘दोन’ आहे हे लेखकास पुष्कळ वर्षांनी कळले. त्या मुलाची क्षमा मागण्याची सोय तेव्हा उरली नव्हती.

पुढे सिरोंचा तालुक्यातील एका शाळेत हा पाठ प्रथम घेतला. चार शब्द फळ्यावर लिहिले आणि थांबलो. मागे बसलेला एक मुलगा जूनपासून हजेरीच्या ‘हजर’पलीकडे एक अक्षर बोलला नव्हता. त्याने हात वर केला नाही. तो एकदम उठूनच उभा राहिला. “गुरुजी, हे तर एक-दोन-तीन-चार आहे. चुकीचं लिहिलंय.” पुढे येऊन त्याने खडू घेतला आणि प्रत्येक शब्दासमोर आपल्या घरचा शब्द देवनागरीत लिहिला. ‘रेंडु’तील अनुस्वार त्याने विसरून मग परत येऊन दिला. वर्गातील मराठी मुले डोळे विस्फारून पाहत होती. आपल्या खेळातील ज्या गूढ मंत्राचा अर्थ आपल्या बापासही ठाऊक नाही, तो या पोराच्या आईला ठाऊक आहे, ही गोष्ट त्यांना मोठी नवलाची वाटली.

मुलचेरा, चामोर्शी भागांतील ज्या शाळांत पूर्व बंगालातून येऊन वसलेल्या कुटुंबांची मुले आहेत, तेथे विटीदांडूस ‘डांगुली’ म्हणतात. त्यांच्या खेळातही टोल्यांच्या मोजणीचे स्वतंत्र शब्द आहेत. ते मुलांकडून, आणि घरच्या वडील मंडळींकडून, मिळवून फळ्यावर मराठी शब्दांच्या शेजारी लिहावेत. ते शिक्षकाने पुस्तकात शोधू नयेत. मुलाने आणून द्यावेत यातच या पाठाचे मर्म आहे.

राज्य येते तो रडतो

दुसरी जात आहे ती अर्थ ठाऊक असूनही विचित्र वाटणाऱ्या शब्दांची. लपंडाव किंवा शिवाशिवी खेळताना ज्याच्यावर ‘राज्य’ येते तो काय करतो? सगळे लपलेले असतात आणि तो एकटा उन्हात हुडकीत फिरतो. इतर सर्व त्याला हुलकावण्या देतात. राज्य चुकविण्यासाठी मुले खोटी गणती करतात, भांडतात, प्रसंगी घरी पळून जातात. जगात राज्य मिळविण्यासाठी लढाया झाल्या. आमच्या अंगणात मात्र राज्य ही शिक्षा आहे. पाचवीच्या मुलांना इतिहासाच्या तासाला राजेलोकांची नामावळी पाठ करावी लागते, त्यांना हा प्रश्न जरूर विचारावा : राज्य आलेला राजा सुखी असतो की दुःखी? चंद्रपूरच्या गोंड राजांचा कोट रोज पाहणाऱ्या मुलांकडून याची फार मार्मिक उत्तरे येतात.

‘डबा ऐसपैस’ हे नाव असेच. ऐसपैस म्हणजे मोकळे, प्रशस्त. खेळात तर एक चेपलेला पत्र्याचा डबा असतो. तो ऐसपैस कसा? मूळ इंग्रजी ‘आय स्पाय’, म्हणजे ‘मी पाहिले’, या आरोळीचे हिंदीत ‘आइस-पाइस’ झाले आणि मराठीने त्याला आपल्या घरातला ओळखीचा शब्द चिकटवून दिला. अपरिचित शब्द आला की भाषा त्याला परिचित मुखवटा घालते. ‘लेंड’चे तेच झाले असावे. ‘टाइम प्लीज’चे ‘टॅम्प्लीज’ होऊन तो एक मंत्रच झाला आहे. हाताची मूठ तोंडाशी नेऊन तो उच्चारला की पाठलाग करणारा जागच्या जागी थांबतो. यातील दोन इंग्रजी शब्द वेगळे करून दाखविले तर मुलांना इंग्रजीची भीती थोडी कमी वाटेल.

हुतूतूत माणसे मरतात आणि उठतात. दिवेलागणीला घरी आलेला मुलगा आईला आनंदाने सांगतो, “आमचे चार मेले, पण मी दोघांना मारलं आणि दोन उठवले.” खेळ न जाणणाऱ्या पाहुण्याने हे ऐकले तर तो पोलीसपाटलाकडे धाव घेईल! या खेळाच्या जुन्या प्रकारांची नावेही या जीवन-मरणावरूनच पडली आहेत. संजीवनीत मेलेला गडी प्रतिपक्षाचा गडी बाद होताच पुन्हा जिवंत होतो. गामिनीत सारा संघ बाद होईपर्यंत मेलेल्यास बाहेरच बसावे लागते. आणि अमर प्रकारात बाद होऊनही कोणी मैदान सोडीत नाही. फक्त गुण मोजले जातात. मुलांनी ही तीन नावे ऐकली की त्यांना संजीवनी विद्येची कचदेवयानीची कथा सांगावी. ती यापेक्षा चांगल्या प्रसंगी सांगता येणार नाही.

आणि तो दम! ‘कबड्डी, कबड्डी’ किंवा ‘हुतूतूतू’ असे एका श्वासात म्हणत राहावयाचे; त्याला अर्थ असो वा नसो. बंगालमध्ये हा खेळ ‘हाडुडु’, तमिळ मुलखात ‘सडुगुडु’ आणि तेलुगूत ‘चेडुगुडु’ होतो. या शब्दांचे काम अर्थ सांगण्याचे नसून श्वास मोडला की नाही हे पंचास कळविण्याचे आहे. म्हणजे निरर्थक शब्दासही नेमून दिलेले काम असते. 1936 साली बर्लिन येथील ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने भारतीय खेळांची प्रात्यक्षिके तेथे करून दाखविली. 1990 साली बीजिंगच्या आशियाई क्रीडास्पर्धांत कबड्डीचा समावेश झाला. आता जपानी व इराणी खेळाडूही ‘कबड्डी, कबड्डी’ म्हणत चढाईस जातात. सारा प्रतिपक्ष बाद केला की त्यास ‘लोण’ म्हणतात व त्याचे दोन जादा गुण मिळतात. तो शब्दही जसाच्या तसा परदेशी गेला आहे.

या ‘लोण’ शब्दावर किंचित थांबण्यासारखे आहे. आट्यापाट्यांत पलीकडच्या टोकापर्यंत जाऊन परत येण्याशी त्याचा संबंध आहे, आणि त्यावरून ‘चळवळीचे लोण खेड्यापर्यंत पोहोचले’ असे आपण वृत्तपत्रांत नित्य वाचतो. लिहिणाऱ्यास मिठाच्या पाट्या आठवत नाहीत. खो-खोची गत याहून विचित्र आहे. खेळात ‘खो’ म्हणजे बसलेल्या सोबत्यास दिलेली हाक, त्याला उठवून कामास लावणे. पण ‘माझ्या कामात त्याने खो घातला’ असे म्हटले की अर्थ नेमका उलटा होतो. सोंगट्यांतील ‘पौबारा’ हे उत्तम दान. हिंदीत अजून ‘पौ बारह’ म्हणजे भाग्य उजळणे. मराठीत मात्र ‘पोबारा करणे’ म्हणजे पळून जाणे. दान आमचे चांगले पडले आणि आम्ही पळालो, असा त्याचा इतिहास दिसतो.

‘पडलो तरी नाक वर’ ही म्हण मुलांना ठाऊक असते. हरलेला बढाईखोर, एवढाच अर्थ आपण सांगून मोकळे होतो. कुस्तीचा आखाडा ज्याने पाहिला आहे त्याने जरा विचार करावा. कुस्तीत पाठ मातीला लागली म्हणजे गडी चीत झाला. पालथा पडलेला मल्ल अजून हरलेला नसतो. त्याचे नाक मातीत असते. नाक वर असते ते चीत झालेल्याचे! म्हणजे ‘माझे नाक वर आहे’ ही त्याची बढाई हाच त्याच्या पराभवाचा पुरावा ठरतो. दोन मुलांना पुढे बोलावून, एकास उताणे व एकास पालथे निजवून ही म्हण दाखविली असता ती पुन्हा समजावून द्यावी लागत नाही.

त्रिफळा आणि भोपळा

क्रिकेटचे मराठी हे तर स्वतंत्र प्रकरण आहे. आकाशवाणीवर बाळ ज. पंडित यांनी मराठीतून क्रिकेटचे धावते वर्णन करण्याचा पायंडा पाडला आणि घरोघर रेडिओभोवती बसलेल्या माणसांना या खेळाची मराठी भाषा कानांवाटे मिळाली. पायचीत, यष्टिचीत, धावचीत, झेलबाद हे शब्द आज सहज वाटतात. त्यांतील ‘चीत’ कुस्तीच्या आखाड्यातून आला आहे, हे मुलांकडून काढून घ्यावे. आताच आपण नाकाची गोष्ट केली आहे.

‘त्रिफळा उडाला’ हा शब्दप्रयोग आपल्या दोन जिल्ह्यांतील मुलांना इतरांपेक्षा अधिक गमतीचा वाटेल. हिरडा, बेहडा व आवळा ही तीन फळे ती स्वतः रानातून वेचून आणतात. बाजारात ती विकली जातात. तीन यष्ट्या आणि तीन फळे, यांत तीन या आकड्यापलीकडे साम्य नाही. परंतु गोलंदाजाचा चेंडू लागून हिरडा एकीकडे, बेहडा दुसरीकडे आणि आवळा यष्टिरक्षकाच्या डोक्यावरून गेला, हे चित्र मुलांना काढावयास सांगावे. त्याच्या शेजारी दुसरे चित्र : ‘सलामीचे दोन्ही फलंदाज भोपळा न फोडता तंबूत परतले.’ ज्याने क्रिकेट पाहिले नाही तो म्हणेल, भोपळा फोडावयास गेले होते, कोयता विसरले असतील. शून्याच्या आकारामुळे आपण त्यास भोपळा म्हटले. इंग्रजांनी त्याच आकारास बदकाचे अंडे म्हटले आणि पुढे अंडेही गळून नुसते ‘डक’, म्हणजे बदक, उरले. आपला भोपळा परसातला, त्यांचे बदक तळ्यातले, शून्य एकच.

इंग्रजी क्षेत्ररक्षणातील नावे भाषांतरित करून पाहण्याचा मोह कोणास झाल्यास त्याने तो आवरावा किंवा खुशाल करावा. ‘सिली पॉइंट’ म्हणजे मूर्ख बिंदू. फलंदाजाच्या इतके जवळ उभे राहणे हा मूर्खपणाच म्हणून हे नाव. ‘थर्ड मॅन’ म्हणजे तिसरा माणूस. पहिले दोन कोण हे विचारू नये. लागोपाठ तीन बळी घेतल्यास ‘हॅटट्रिक’, म्हणजे टोपीची करामत, का म्हणतात? 1858 साली शेफील्ड येथे एच. एच. स्टीफन्सन या गोलंदाजाने तीन चेंडूंत तीन बळी घेतले तेव्हा वर्गणी करून त्याला टोपी घेऊन दिली होती. आपल्या शाळेत एखाद्याने असा पराक्रम केल्यास त्याला काय द्यावे, यावर मुलांना पाच वाक्ये लिहावयास सांगावीत.

‘रडीचा डाव’ हा शब्द समजावून देण्यास मात्र कल्पित उदाहरण नको. 1948 सालच्या डिसेंबरात पुण्यास महाराष्ट्र विरुद्ध काठियावाड असा रणजी करंडकाचा सामना चालू होता. महाराष्ट्राच्या भाऊसाहेब निंबाळकरांच्या 443 धावा झाल्या होत्या व ते नाबाद होते. डॉन ब्रॅडमन यांचा त्या वेळचा जागतिक उच्चांक 452 धावांचा होता. संघाच्या धावा 4 बाद 826 झाल्या होत्या. काठियावाडचे कर्णधार राजकोटचे ठाकूरसाहेब होते. आपल्या संघाविरुद्ध असा विक्रम नोंदला जाऊ नये म्हणून त्यांनी पुढे खेळण्यास नकार दिला आणि सामना सोडून संघ परत नेला. उच्चांकाशी बरोबरी करण्यास निंबाळकरांना किती धावा हव्या होत्या आणि तो मोडण्यास किती, हे मुलांकडून तोंडी काढून घ्यावे. दुपारच्या सुट्टीत ‘माझी विटी, मी चाललो घरी’ म्हणणारा प्रत्येक वर्गात एक असतो. वर्ग त्याच्याकडे पाहील; शिक्षकाने पाहू नये.

एका खेळाडूचे गणित

आता राहिली ती खेळाडूंनी गंभीरपणे उच्चारलेली वाक्ये. यांत अमेरिकेचे योगी बेरा (1925–2015) यांची बरोबरी करणारा दुसरा क्वचितच सापडेल. ते बेसबॉल खेळत. त्यांचे नाव योगी नव्हते. पाळी येण्याची वाट पाहत ते मांडी घालून व हाताची घडी करून बसत. एका मित्राने भारतावरील चित्रपटात असाच बसलेला योगी पाहिला होता, त्याने हे नाव ठेवले व तेच जन्मभर टिकले. त्यांच्या नावावर सांगितले जाणारे एक वाक्य असे : ‘हा खेळ नव्वद टक्के मनाचा असतो, उरलेला अर्धा शरीराचा.’

हे वाक्य फळ्यावर लिहून पाचवीच्या मुलांना बेरीज करावयास सांगावे. ‘अर्धा’ म्हणजे पन्नास टक्के धरल्यास बेरीज 140 होते. ‘उरलेल्याचा अर्धा’ असा अर्थ घेतल्यास 90 आणि 5 मिळून 95 होतात. मग राहिलेले 5 टक्के कोठे गेले? एका मुलीने यावर उत्तर दिले की, ते नशिबाचे. शेकडेवारीचे उदाहरण इतक्या आवडीने सोडविलेले लेखकाने दुसरे पाहिले नाही. बेरा यांची दुसरी गोष्ट अपूर्णांकासाठी आहे. ते उपाहारगृहात गेले असता, पोळीसारख्या भाजलेल्या पदार्थाचे चार तुकडे करू की आठ, असे त्यांना विचारण्यात आले. ते म्हणाले, “चारच करा, आठ खाण्याइतकी भूक नाही.” येथे तांदळाची एक भाकरी आणून ती खरोखर कापून दाखवावी. चार चतुर्थांश आणि आठ अष्टमांश यांची समानता पुस्तकातील वर्तुळापेक्षा भाकरीवर लवकर पटते, आणि पाठानंतर ती वाया जात नाही.

ही सर्व वाक्ये बेरा खरेच बोलले काय, अशी शंका चौकस मूल काढील. त्याचे उत्तर बेरा यांनीच देऊन ठेवले आहे : ‘मी जे बोललो ते सगळे मी खरोखर बोललेलो नाही.’ यावर अधिक भाष्य करू नये.

वहीसंबंधी

पाठानंतर प्रत्येक वर्गाने एक शब्दवही सुरू करावी. एका पानावर एकच शब्द. तो कोणी आणला, त्याच्या घरी कोणती भाषा बोलतात, आणि आजी किंवा आजोबा त्याचा काय अर्थ सांगतात, एवढे लिहावे. शब्द जसा उच्चारला जातो तसाच लिहावा. झाडीबोलीत ‘ण’च्या जागी ‘न’ येतो. तो लाल शाईने दुरुस्त करू नये. ज्या शब्दाचा अर्थ लागत नाही त्याच्यापुढे जागा कोरी ठेवावी, अर्थ बनवून भरू नये. या वहीवर गुण देऊ नयेत व तपासणीसाठी ती मागवूही नये. पर्यवेक्षकांनी भेटीच्या वेळी पाहिली तरी पुरे.

सिरोंचा तालुक्यातील ज्या शाळेचा वर उल्लेख केला, तेथील वहीचे पहिले पान विटीदांडूचे होते. त्या गावच्या खेळात नालेनंतर पाचवा टोला एकदम ‘डोळ्या’चा येई, आणि तो तर शाळेत बंद केलेला. तेव्हा आता चारांवरच थांबावयाचे काय, असा प्रश्न निघाला. मागच्या रांगेतील तो मुलगा आता दुसऱ्या रांगेत बसत असे. तो म्हणाला, चारानंतर पाच येतो, ऐदु म्हणा. आणि विटी कोपरावर ठेवा. मुलांनी ते मान्य केले. त्या वर्षी त्या मैदानावर पाचवा टोला कोपरावरून मारीत आणि त्यास ऐदु म्हणत. मराठी मुलेही म्हणत, आणि उच्चार चुकला की तो मुलगा खेळ थांबवून त्यांच्याकडून पुन्हा म्हणवून घेई.